हुंडाबळीचा पुरावा : एका पुणेरी खटल्यापासून आजपर्यंत

विवाहितेचा सासरी होणारा अपमृत्यू बहुधा घराच्या चार भिंतींआड घडतो. पाहणारे कोणी असलेच, तर ते सासरचेच. त्यामुळे असा गुन्हा न्यायालयात शाबीत करणे फार कठीण. ही अडचण दूर करण्यासाठी कायद्याने कोणती वाट काढली, हे प्रत्येक मराठी कुटुंबाने जाणून घेण्यासारखे आहे.

मंजुश्री सारडा ही बीडची कन्या. फेब्रुवारी १९८२ मध्ये विवाह होऊन ती पुण्यास आली आणि अवघ्या चार महिन्यांत, ११ जून १९८२ च्या रात्री, पोटॅशियम सायनाइडच्या विषाने तिचा अंत झाला. पतीवर खुनाचा खटला चालला. पुण्याच्या सत्र न्यायालयाने दिलेली फाशीची शिक्षा मुंबई उच्च न्यायालयाने कायम केली. बहीण व मैत्रीण यांना मंजुश्रीने लिहिलेली पत्रे हा पुराव्याचा एक मोठा आधार होता. तथापि १७ जुलै १९८४ रोजी सर्वोच्च न्यायालयाने पतीची निर्दोष मुक्तता केली. पत्रांतून तिची व्यथा दिसत होती; परंतु विष आरोपीपाशी होते हे सिद्ध झाले नव्हते आणि आत्महत्येची शक्यता नि:संशय दूर सारता येत नव्हती. परिस्थितिजन्य पुराव्याची साखळी कोठेही तुटता कामा नये, यासाठी न्या. फजल अली यांनी या निकालात सांगितलेली पाच तत्त्वे आजही न्यायालयांतून उद्धृत होतात.

या खटल्याचा रोख हुंड्याच्या मागणीवर नव्हता. परंतु बंद दाराआडचा मृत्यू खून म्हणून शाबीत करणे किती दुर्घट आहे, हे त्याने स्पष्ट केले. हुंडाबंदीचा कायदा १९६१ सालीच झाला होता. मृत्यूच्या प्रसंगी तो अपुरा पडे. १९८३ मध्ये विवाहितेच्या छळासाठी दंडसंहितेत कलम ४९८-अ आले. पुढे १९८६ मध्ये ‘हुंडाबळी’ हा स्वतंत्र गुन्हा ठरविणारे कलम ३०४-ब आले आणि साक्षीपुराव्याच्या कायद्यात ११३-ब हे कलम त्याच्या जोडीस दिले गेले. १ जुलै २०२४ पासून या दोन तरतुदी अनुक्रमे भारतीय न्याय संहितेच्या कलम ८० मध्ये व भारतीय साक्ष्य अधिनियमाच्या कलम ११८ मध्ये आहेत.

आता फिर्यादी पक्षाने चार गोष्टी दाखवाव्या लागतात : मृत्यू भाजल्याने, शारीरिक इजेने किंवा अन्य अस्वाभाविक रीतीने झाला, तो विवाहापासून ७ वर्षांच्या आत झाला, मृत्यूपूर्वी नजीकच्या काळात पतीने वा त्याच्या नातलगांनी छळ केला, आणि तो छळ हुंड्याच्या मागणीपायी होता. एवढे सिद्ध झाले की न्यायालय हुंडाबळी गृहीत धरते व ते खोडून काढण्याचा भार आरोपीवर येतो. शिक्षा किमान ७ वर्षे, कमाल जन्मठेप. ‘नजीकचा काळ’ म्हणजे मृत्यूच्या अगदी लगतचा क्षण नव्हे. छळ व मृत्यू यांत जिवंत दुवा हवा, असे सर्वोच्च न्यायालयाने २०२१ मध्ये पुन्हा स्पष्ट केले.

सुज्ञ वाचकांच्या लक्षात येईल, की यातील शेवटच्या दोन गोष्टींचा पुरावा बहुतांशी माहेरच्या माणसांच्याच हाती असतो. ‘तिला त्रास होता’ एवढे मोघम विधान न्यायालयात टिकत नाही. मागणी कोणी केली, केव्हा केली, किती रकमेची केली, हे सांगावे लागते. आपण बंगळूरवासी मराठी कुटुंबे. आपल्या लेकी पुणे, कोल्हापूर, बेळगाव अशा दूरच्या गावी नांदतात, तर तिकडच्या लेकी येथे सून होऊन येतात. पूर्वी सुखदु:खाची पत्रे येत व ती जपून ठेवली जात. आता सारे दूरध्वनीवर बोलले जाते आणि बोलणे हवेत विरते. म्हणून आलेले संदेश पुसू नयेत, पैसे दिले असल्यास बँकेची नोंद राखावी, मागणीची तारीख टिपून ठेवावी.

परंतु हा सारा खटाटोप मृत्यूनंतरचा. लेकीच्या आवाजातील बदल कानी येताच ‘थोडे सोस, सारे ठीक होईल’ असे न सांगता तिला घरी आणणे, वेळीच तक्रार नोंदविणे, १८१ या महिला साहाय्य क्रमांकाचा उपयोग करणे, हे त्याहून अधिक मोलाचे. वेळीच केलेली तक्रार पुढे पुरावा ठरते हे खरे; पण पुष्कळदा तीच लेकीचा जीवही वाचवते.