जनरल टॉम थंब : प्रदर्शन आणि अभिनय

‘जनरल टॉम थंब’ या नावाने गाजलेला खुजा नट चार्ल्स स्ट्रॅटन (१८३८-१८८३) हा अमेरिकेतील ब्रिजपोर्टचा. १८४२ च्या अखेरीस बार्नमने त्याला न्यूयॉर्कमधील आपल्या संग्रहालयात आणले, तेव्हा त्यास पाच वर्षेही पुरी झाली नव्हती. जाहिरातीत मात्र वय ११ छापले गेले. लहान मूल लहान दिसण्यात नवल ते कोणते? तथापि या लबाडीमुळे स्ट्रॅटनच्या अंगचे नाट्यगुण झाकले जाऊ नयेत. त्याची नेपोलियनची नक्कल विशेष लोकप्रिय होती. १८४४ मध्ये त्याने राणी व्हिक्टोरियापुढे खेळ केले. पॅरिसमध्ये तर नाटकात प्रमुख भूमिकाही वठविली. पुढे १८५६ मध्ये बार्नमचे दिवाळे निघाले, तेव्हा धनिक झालेला स्ट्रॅटन आपण होऊन त्याच्या साहाय्यास गेला आणि दोघे पुन्हा युरोपच्या दौऱ्यावर निघाले.