एका अनुस्वाराचा फरक

मागच्या महिन्यात आजीने एक काम सांगितलं. आजी ९१ वर्षांची. "दिवसभर त्या कॉम्प्युटरमध्ये काहीतरी शोधतच असतोस ना? मग आमच्या बाबांचं गुरांचं पुस्तक शोधून दे की."

बाबा म्हणजे तिचे वडील. गावात गुरांना औषध द्यायचे आणि त्यावर त्यांनी एक छोटं पुस्तक छापलं होतं, असं घरात सगळे ऐकून आहेत. बघितलेलं कुणीच नाही. आजीकडची एकुलती एक प्रत १९६१ च्या पानशेतच्या पुरात गेली. काकांचं तर स्पष्ट मत की असं पुस्तक वगैरे काही नव्हतंच, आजीने वडिलांच्या कौतुकापोटी रचलेली गोष्ट आहे. हे ते तिच्यासमोरच म्हणतात, आणि आजी गप्प बसते.

आता गंमत अशी की सर्च हाच माझा पोटापाण्याचा धंदा. खरेदीच्या साइटवर डावीकडे रंग, साइझ, किंमत असे जे फिल्टर असतात, तसलं काहीतरी मी लिहितो. त्यामुळे अर्ध्या तासाचं काम समजून बसलो. 'गुरांचे रोग', 'गुरांचे आजार', 'गुरांची औषधे'... पणजोबांचं नाव आडनाव आधी लिहून, नंतर लिहून, रोमन लिपीत चार प्रकारे. तीन रात्री गेल्या. स्कॅन केलेल्या जुन्या पुस्तकांचे ढीगच्या ढीग नेटवर आहेत, पण हाताला काही लागेना. चौथ्या रात्री मलाही काकांचं पटायला लागलं होतं. (हे आजीला सांगू नका.)

शेवटी एका रविवारी मुकाट्याने एका जुन्या ग्रंथालयात गेलो. टेबलापलीकडच्या मॅडमनी विचारलं, "पुस्तकाचं नाव?"

"माहीत नाही."

"साल?"

"नक्की नाही. १९३७ च्या आधीचं असावं."

"विषय तरी माहितीये ना? मग झालं." आणि त्यांनी एक जाडजूड ग्रंथ माझ्यापुढे ठेवला. दाते सूची.

तुमच्यापैकी किती जणांनी हे नाव ऐकलंय? मी नव्हतं ऐकलं. शंकर गणेश दाते या माणसाने १८०० पासून १९३७ पर्यंत मराठीत छापल्या गेलेल्या पुस्तकांची सूची केली आणि पहिला भाग १९४३ साली काढला. १९३८ ते १९५० चा दुसरा भाग आला १९६१ साली. म्हणजे आमची प्रत मुठेत वाहून गेली त्याच वर्षी! फोटोकॉपी नाही, डेटाबेस नाही, ग्रंथालयं पालथी घालायची आणि नोंदी हाताने लिहायच्या. आमच्याकडे एवढ्या कामाला दोन टीम आणि एक मॅनेजर लागला असता, आणि तरी डेडलाइन हुकली असती.

महत्त्वाचं म्हणजे सूची विषयवार लावलेली आहे. शेतीची पानं काढली, तिथून गुराढोरांवर आलो, आणि बोट फिरवत फिरवत दहा-बारा मिनिटांत थांबलो. पणजोबांचं नाव. गाव तेच. खाली साल, पानं.

इतका वेळ का सापडत नव्हतं? कारण शीर्षकात 'गुरे' हा शब्दच नव्हता. 'जनावरें' होता, डोक्यावर अनुस्वारासकट. पूर्वी मराठीत उच्चारात नसलेले अनुस्वारही लिहायचे: नांव, कांहीं, जनावरें. १९६२ साली मराठी साहित्य महामंडळाचे शुद्धलेखनाचे नियम सरकारने स्वीकारले आणि हे अनुस्वार गेले. आपण शाळेत नवं लेखन शिकलो, म्हणून टाइपही तेच करतो. युनिकोडमध्ये अनुस्वार हे स्वतंत्र चिन्ह आहे. अक्षराला अक्षर जुळवणाऱ्या प्रोग्रॅमला 'नाव' आणि 'नांव' हे दोन वेगळे शब्द. त्याची चूक नाही, त्याला कुणी सांगितलंच नाही. सूची करणाऱ्या माणसाने मात्र पुस्तक कशाबद्दल आहे ते बघून त्याला जागा दिली होती, त्यामुळे शीर्षकात गुरं आहेत की जनावरें याने मला काही फरक पडला नाही.

इथे रंगनाथनांची आठवण काढायलाच हवी. शियाळी रामामृत रंगनाथन गणिताचे प्राध्यापक. १९२४ साली मद्रास विद्यापीठाचे ग्रंथपाल झाले आणि शिकायला लंडनला गेले. तिथे एका दुकानात मेकॅनोचा खेळ बघून त्यांना सुचलं म्हणतात, की पुस्तकाला एकाच खणात कोंबण्यापेक्षा विषयाचे सुटे भाग करावेत आणि हवे तसे जोडावेत. त्यातून १९३३ साली त्यांची कोलन पद्धत छापून आली. वस्तू, पदार्थ, क्रिया, स्थळ, काळ. आमच्या डावीकडच्या फिल्टरचे हे पणजोबाच. नोकरीत इतकी वर्षं झाली, पण मला हे कुणी सांगितलं नव्हतं.

असो. तर सूचीत नोंद मिळाली, पण पुस्तक काही मिळालं नाही. मॅडमनी आणखी एक वाट दाखवली. १८६७ च्या कायद्याने छापलेल्या प्रत्येक पुस्तकाची प्रत सरकारजमा करावी लागे आणि सरकार दर तीन महिन्यांनी त्यांची यादी छापत असे. छापखान्यांवर नजर ठेवायची हा साहेबाचा हेतू उघडच होता. पण यादीत काय काय असावं ते कायद्यातच लिहिलेलं: भाषा, विषय, छापखाना, पानं, आकार, कितवी आवृत्ती, किंमत, हक्क कुणाचा आणि किती प्रती छापल्या. हेरगिरीसाठी केलेला इतका चोख डेटा मी आमच्या ऑफिसातही पाहिलेला नाही :)

मुंबई इलाख्याच्या याद्यांचे स्कॅन बघितले. उभ्या-आडव्या रकान्यांचा तक्ता, त्यामुळे शब्द टाकून शोधणं व्यर्थ. पण आता साल हातात होतं. चार तिमाह्या, पान पान उलटत. तिसऱ्या तिमाहीत सापडलं. पणजोबांच्या आडनावाचं रोमन स्पेलिंग असं केलेलं, की माझ्या चार प्रकारांत ते बसणं शक्यच नव्हतं.

रात्री आजीला फोन केला. काकाही घरातच होते, म्हणून मुद्दाम स्पीकर लावायला सांगितला आणि सगळी ओळ वाचून दाखवली. किंमत दोन आणे. प्रती ५००.

"पाचशे?" आजी म्हणाली. मग बराच वेळ काही बोलली नाही. "मग एखादी तरी असेल की रे कुठेतरी. पुढच्या रविवारी जाशील का परत?"