रामसेपट: नकळत विनोदी की जाणूनबुजून?

हरिहरेश्वरहून श्रीवर्धन, दिवेआगर करत दिघीला या. जंगल जेट्टीने खाडी ओलांडून आगरदांड्याला उतरा आणि मुरूड मागे टाकून अलिबागचा रस्ता धरा. समुद्राकडे सिद्दी नवाबांचा राजवाडा दिसेल. खासगी आहे, त्यामुळे बाहेरूनच बघा. पण पडद्यावर तो तुम्ही पाहिलाही असेल: तुलसी आणि श्याम रामसे यांच्या 'पुराना मंदिर'मधली (1984) हवेली ती हीच.

रामसेपटांबद्दल एक वाक्य हमखास लिहिलं जातं: हे म्हणजे भयपटांचं 'नकळत झालेलं विडंबन'. पटकन पटतं, कारण आपल्याला हसू येतं. पण ते हसू आपलं आहे, आजचं, मोबाइलवर बघतानाचं. त्यावरून 1984 सालचा हेतू कसा ठरवणार? प्रयोगशाळेत आपण निरीक्षकाची प्रतिक्रिया नमुन्याच्या नावावर खपवत नाही, मग इथे का?

पुरावा चित्रपटातच शोधा. रामसेंचा कारभार घरगुती आणि काटकसरीचा. कुमार लिहिणार, गंगू कॅमेऱ्यावर, किरण ध्वनीला, अर्जुन संकलनाला. सेट उभारण्यापेक्षा तयार वाडा गाठायचा, बाकीचं धूर आणि रंगीत दिवे सांभाळून घेतात. आता गंमत बघा. याच भयपटात मध्येच मच्छर सिंग नावाचा डाकू येतो. 'शोले'ची (1975) उघड टर! आणि भूमिका कुणाची, तर जगदीपची, म्हणजे 'शोले'तल्याच सूरमा भोपालीची. विडंबन कशाशी खातात हे या भावांना चांगलं ठाऊक होतं. फक्त त्यांनी ते वेगळ्या कप्प्यात ठेवलं. साम्री राक्षसाची चेष्टा मात्र कुठेच नाही. (साम्री झालेला अनिरुद्ध अगरवाल रुडकीला शिकलेला सिव्हिल इंजिनिअर, हे जाता जाता.)

म्हणून 'विडंबन' हा शब्द मी महेश कोठारेंच्या 'झपाटलेला'साठी (1993) राखून ठेवते. मारेकऱ्याचा आत्मा बाहुल्यात शिरतो, ही कल्पना 'चाइल्ड्स प्ले'ची (1988). पण इथे लक्ष्या बोलक्या बाहुल्यांचे खेळ करणारा, आणि बाहुला हलवणारे रामदास पाध्ये. बोलका बाहुला म्हटलं की मराठी प्रेक्षक आधीच हसायच्या तयारीत. तात्या विंचू नेमका तिथे शिरतो, त्यामुळे भीती आणि हसू यांचे कप्पेच उरत नाहीत.

राहिला प्रेक्षक. मच्छर सिंग आल्यावर थिएटरात काय व्हायचं आणि साम्री आल्यावर काय, हे तेव्हा तिकीट काढून बसलेलेच सांगू शकतील. तेव्हाची कॉलेजची पोरं आता साठीत आहेत. विषय घेणार असाल तर मुलाखती आधी उरका, सिद्धान्ताचं प्रकरण नंतरही लिहिता येईल.