देवळाचा वाद आणि पोलीस

बायांनो, आपल्या देऊळघाटच्या नावातच देऊळ आहे, म्हणून आज शनिशिंगणापूरची गोष्ट सांगतो. २६ जानेवारी २०१६ला शनीच्या चौथऱ्यावर निघालेल्या बायांना पोलिसांनी सुप्यालाच अडवलं. पण १९५६चा कायदा म्हणतो, सगळ्या हिंदूंसाठी खुल्या देवळात कुणालाही अडवलं तर शिक्षा होते. विद्या बाळ आणि नीलिमा वर्तक हायकोर्टात गेल्या. १ एप्रिलला कोर्टाने सरकारला हा कायदा पाळायला लावलं. ८ एप्रिलला, गुढीपाडव्याला, देवस्थानाने चौथरा बायांना खुला केला.

आम्ही यातून एवढं शिकलो : विश्वस्तांचा, हिशेबाचा वाद धर्मादाय आयुक्तांकडे न्यायचा. मारहाण, अडवणूक झाली तर पोलिसांकडे जायचं. त्यांचं काम भांडण मिटवून गप्प बसवणं नाही, कायदा पाळायला लावणं आहे.