ली नान-यंग : वसाहतकालीन कोरियातील एक गायिका आणि तिचे गीत

पराधीन राष्ट्रांचा इतिहास लिहिताना जाहीरनामे, पक्षांचे ठराव, खटल्यांची कागदपत्रे आणि नेत्यांची चरित्रे यांवर अभ्यासकाची भिस्त असते. बाजारात विकली जाणारी ग्रामोफोनची तबकडी हे ऐतिहासिक साधन म्हणून सहसा स्वीकारले जात नाही. लोकप्रिय गीत हे करमणुकीसाठी आणि नफ्यासाठी निर्माण होते, म्हणून त्यात लोकमानसाचे प्रतिबिंब शोधणे व्यर्थ होय, अशी त्यामागची समजूत असते. ही समजूत कितपत ग्राह्य आहे, हे तपासण्यासाठी कोरियन गायिका ली नान-यंग (१९१६–१९६५) हिचे चरित्र विशेष उपयुक्त आहे. तिचे 'मोक्पोचे अश्रू' हे १९३५ मधील गीत कोरियात आज राष्ट्रीय दुःखाचे प्रतीक मानले जाते. हे प्रतीकत्व त्या गीतास कसे प्राप्त झाले आणि गायिकेच्या प्रत्यक्ष जीवनाशी ते कितपत जुळते, हा येथील विवेचनाचा विषय आहे.

मोक्पो हे कोरियाच्या नैर्ऋत्य टोकाचे बंदर १८९७ मध्ये परकीय व्यापारास खुले झाले. जल्ला प्रांतातील तांदूळ आणि कापूस येथून जपानकडे रवाना होत असे. १९१० मध्ये कोरिया जपानी साम्राज्यात विलीन करण्यात आला आणि १९१४ मध्ये होनाम लोहमार्ग पूर्ण झाल्यावर या निर्यातीस अधिकच गती मिळाली. समुद्रालगतच्या आखीव वस्तीत जपानी व्यापारी राहत, तर कोरियन कष्टकऱ्यांची घरे यूदाल डोंगराच्या उतारावर दाटीने उभी होती. या शहरात १९१६ मध्ये एका निर्धन कुटुंबात नान-यंगचा जन्म झाला. तिचे प्राथमिक शिक्षणही पुरे होऊ शकले नाही. आई पोटासाठी जेजू बेटावर कामास गेली आणि मुलगी पुढे एका फिरत्या नाटक मंडळीत दाखल झाली. दोन अंकांच्या मधल्या वेळात प्रेक्षकांसमोर गाणी म्हणण्याची प्रथा त्या काळच्या कोरियन रंगभूमीवर रूढ होती. अनेक गायिकांचा उदय या मध्यंतराच्या गाण्यांतून झाला, नान-यंगचाही त्यातूनच झाला.

तिच्या कारकिर्दीचा आरंभ आणि कोरियन तबकडी-व्यवसायाची भरभराट यांचा काळ एकच होय. ली चल या उद्योजकाने स्थापन केलेल्या 'ओके' कंपनीच्या तबकड्या १९३३ पासून बाजारात येऊ लागल्या. कंपनीचा चेहरा कोरियन असला तरी ती जपानमधील तेइचिकु कंपनीशी संलग्न होती. म्हणजे गायक आणि गीतकार कोरियन, भाषा कोरियन, परंतु यंत्रे, भांडवल आणि ध्वनिमुद्रणाची सोय जपानी, अशी या व्यवसायाची घडण होती. त्याच वर्षी गव्हर्नर-जनरलच्या शासनाने तबकड्यांच्या नियंत्रणाचे नियम जारी केले. शांततेस बाधक वाटणारी कोणतीही तबकडी रोखण्याचा अधिकार त्यायोगे शासनास मिळाला.

१९३५ मध्ये 'चोसन इल्बो' हे दैनिक आणि ओके कंपनी यांनी आपापल्या गावाचे वर्णन करणाऱ्या गीतांची स्पर्धा घेतली. मोक्पोच्या मुन इल-सॉक या तरुणाची रचना तीत निवडली गेली. सोन मोक-इन याने तिला चाल दिली आणि एकोणीस वर्षांच्या नान-यंगने ती गायिली. वरवर पाहता हे विरहगीत आहे. बंदर, नावाड्यांचे सूर, सामहाक बेटे आणि निरोपाचे दुःख हे त्याचे विषय होत. परंतु दुसऱ्या कडव्याच्या आरंभी नोजक शिखराचा आणि तीनशे वर्षांच्या वैरभावनेचा उल्लेख येतो. सोळाव्या शतकाच्या अखेरीस जपानने कोरियावर स्वारी केली, तेव्हा नौसेनापती यी सुन-शिन याने हे शिखर गवताने शाकारून धान्याच्या राशीसारखे भासविले आणि विपुल रसद असल्याचा आभास निर्माण करून शत्रूस चकविले, अशी स्थानिक आख्यायिका आहे. त्या स्वारीपासूनची तीनशे वर्षे मोजणे कोणाही कोरियन श्रोत्यास कठीण नव्हते.

छापील गीतपत्रिकेत मात्र हे शब्द निराळ्या चिनी लिपिचिन्हांनी लिहिलेले आढळतात. उच्चार जवळजवळ तोच, पण अर्थ निरुपद्रवी : वैराच्या जागी डोह आणि सुखकर वारा यांचा बोध व्हावा, अशी ती योजना होती. वाचणाऱ्या अधिकाऱ्यास एक अर्थ दिसावा आणि ऐकणाऱ्या लोकांना दुसरा कळावा, हे कानाने ऐकण्याच्या माध्यमातच शक्य होते. येथेच तबकडीचे ऐतिहासिक साधन म्हणून असलेले वैशिष्ट्य स्पष्ट होते. केवळ छापील संहिता पाहणाऱ्या संशोधकाच्या हातून या गीताचा निम्मा अर्थ निसटेल.

यावर एक महत्त्वाचा आक्षेप घेतला जातो. हे गीत ज्या प्रकारात मोडते, त्यास पुढे 'ट्रॉट' हे नाव रूढ झाले. द्विमात्रिक ताल आणि विशिष्ट पाच स्वरांची उदास चाल ही त्याची लक्षणे समकालीन जपानी लोकप्रिय संगीताशी मिळतीजुळती आहेत. स्वातंत्र्योत्तर दक्षिण कोरियात या साम्यावरून तीव्र वाद झाले. ली मी-जा हिचे १९६४ मधील एक अत्यंत लोकप्रिय गीत 'जपानी वळणाचे' म्हणून प्रसारणातून वगळले गेले आणि १९८७ मध्ये ती बंदी उठली. ज्या संगीतप्रकारात जपानविरोधी भावना व्यक्त झाली, तो प्रकारच जपानी ठरविला जावा, हा विरोधाभास खरा. पण तो गीताचा दोष नव्हे. सत्ताधाऱ्यांनी आणलेली साधने जित लोक आपल्या हेतूंसाठी वापरतात, हा वसाहतींच्या सांस्कृतिक इतिहासातील सार्वत्रिक अनुभव आहे.

गायिकेचे पुढील जीवन मात्र सरळ राष्ट्रवादी चौकटीत बसत नाही. १९३६ च्या सुमारास ती जपानमध्ये ओका रान्को या जपानी नावाने गायिली. संगीतकार किम हे-सोंग याच्याशी तिचा विवाह झाला. त्याने रचलेल्या १९३९ मधील 'उपाहारगृहातील निळे स्वप्न' या गीतात अमेरिकन ब्लूजचे वळण स्पष्ट आहे. त्याच सुमारास ओके कंपनीच्या गायिकांचा 'जगोरी भगिनी' हा चमू रंगमंचावर आला. त्यात नान-यंग प्रमुख होती. महायुद्धाच्या काळात, १९४३ मध्ये, नाम इन-सु याच्यासह तिने जपानी युद्धप्रयत्नाचा गौरव करणारे गीतही ध्वनिमुद्रित केले. हा भाग गौरवग्रंथांतून पुष्कळदा गाळला जातो, तर कठोर टीकाकार केवळ यावरूनच तिचे मूल्यमापन करतात. दोन्ही पद्धती सदोष आहेत. १९३५ चे गीत आणि १९४३ चे गीत एकाच व्यवसायाची, एकाच परवाना-पद्धतीची निष्पत्ती होती. पहिल्यात जी फट सापडली ती दुसऱ्या वेळी बुजलेली होती. एवढे म्हटल्याने दुसऱ्या गीताची नैतिक जबाबदारी नाहीशी होत नाही, परंतु ती कोणत्या परिस्थितीत उद्भवली हे समजते.

१९४५ नंतर किम हे-सोंगने 'केपीके' वाद्यवृंद स्थापून नव्या पर्वास आरंभ केला. १९५० मध्ये कोरियन युद्ध पेटले. सोल व्यापणाऱ्या उत्तरेच्या सैन्याने त्याला पकडून नेले आणि तो परतला नाही. मुलांचा सारा भार नान-यंगवर पडला. अमेरिकन सैनिकांचे तळ हीच त्या काळी कलावंतांची मुख्य बाजारपेठ होती. तिने सुक-जा व ए-जा या मुली आणि मिन-जा ही भाची यांना इंग्रजी गाणी, शब्द पाठ करवून, शिकविली. 'किम भगिनी' या नावाने त्या १९५९ मध्ये लास व्हेगास येथे गेल्या आणि एड सुलिव्हनच्या प्रसिद्ध दूरचित्रवाणी कार्यक्रमात वारंवार दिसू लागल्या. १९६३ मध्ये आईही त्यांच्यासमवेत त्या मंचावर गायिली. ११ एप्रिल १९६५ रोजी सोल येथे तिचे निधन झाले.

तिच्या मृत्यूनंतर गीताचा इतिहास थांबला नाही. १९६९ मध्ये यूदाल डोंगरावर त्याचे शिलास्मारक उभारले गेले. उत्तरेकडे गेलेल्या वा नेल्या गेलेल्या कलावंतांच्या कृती दक्षिणेत १९८८ पर्यंत निषिद्ध होत्या; म्हणजे पत्नीचे स्मारक उभे असताना पतीच्या रचनांना मात्र त्या काळी मज्जाव होता. १९८० मध्ये ग्वांगजू येथील उठाव लष्कराने रक्तपाताने दडपला. त्यानंतरच्या वर्षांत त्या प्रदेशाच्या बेसबॉल संघाचे चाहते क्रीडांगणावर 'मोक्पोचे अश्रू' सामुदायिकपणे गाऊ लागले. ज्या गीतातील दुःखाचा रोख १९३५ मध्ये परक्या सत्तेकडे होता, त्याचा रोख आता स्वकीय लष्करशाहीकडे वळला. २००६ मध्ये गायिकेचे अवशेष मोक्पोस आणून सामहाक बेटावर एका वृक्षाखाली ठेवण्यात आले.

या सर्वांवरून असे दिसते की, गीताचा अर्थ त्याच्या निर्मितीच्या क्षणी कायमचा ठरत नाही. तो ऐकणाऱ्यांच्या अनुभवागणिक नव्याने घडतो. म्हणून ली नान-यंगला राष्ट्रवीर ठरविणे वा दोषी ठरविणे हे दोन्ही निष्कर्ष अपुरे आहेत. तिने परवानगीच्या मर्यादेत राहून गायिले, आणि तिच्या श्रोत्यांनी त्या मर्यादेपलीकडचे ऐकले. हे ऐकणे हाच ऐतिहासिक पुरावा होय. आणि त्याचा शोध घ्यावयाचा, तर दप्तरखान्याइतकेच लक्ष तबकडी, गीतपत्रिका आणि क्रीडांगण यांकडेही देणे आवश्यक आहे.