काळ्या चिलखतांतील अनामिक वीर

मध्ययुगांतील युरोपीय वीरकथांत एक प्रसंग वारंवार येतो. मैदानावर वीरांच्या झुंजी चालू असतात. एकाएकीं एक घोडेस्वार पुढें येतो. त्याचें चिलखत काळें, ढाल काळी आणि चेहरा शिरस्त्राणांत झांकलेला. तो नांव सांगत नाहीं. नामांकित वीरांस घोड्यावरून खालीं पाडतो आणि आला तसा नाहींसा होतो.

हा काळा रंग दुष्टपणाचाच द्योतक असतो असें नाहीं. बाराव्या शतकांत सरदार घराण्यांनीं आपापलीं कुलचिन्हें ढालीवर रंगविण्यास आरंभ केला. लोखंडांत मढलेल्या माणसाची ओळख त्या चिन्हावरूनच पटे. ढाल हेंच त्याचें नांव आणि तेंच त्याचें कूळ. म्हणून बिनचिन्हाची काळी ढाल घेणें म्हणजे आपलें कूळ आपल्या हातानें पुसून टाकणें होय. विराटनगरींतील पांडवांचा अज्ञातवास ज्यांस ठाऊक आहे, त्यांस यांतील गोडी सांगावयास नको.

फ्रेंच कवि क्रेतियां द त्र्वा यानें बाराव्या शतकाच्या उत्तरार्धांत ‘क्लिजे’ नांवाचें काव्य रचिलें. त्याचा नायक कॉन्स्टँटिनोपलचा राजपुत्र आहे. ‘आर्थर राजाच्या वीरांशीं झुंजल्यावांचून तुला तुझी किंमत कळणार नाहीं, पण तोंवर ओळख देऊं नकोस,’ असा उपदेश त्याचा पिता मरतांना करतो. ऑक्सफर्डजवळच्या मैदानावर क्लिजे पहिल्या दिवशीं काळ्या वेषांत येतो, दुसऱ्या दिवशीं हिरव्या, तिसऱ्या दिवशीं तांबड्या आणि चौथ्या दिवशीं पांढऱ्या. लोक काळ्या वीरास शोधीत राहतात. तो त्यांच्यासमोरच असतो, पण त्यांस ओळखूं येत नाहीं.

इ. स. १४८५ मध्यें छापल्या गेलेल्या मॅलरीच्या आर्थरकथेंत हाच धागा अधिक तीक्ष्ण झाला आहे. गॅरेथ नांवाचा तरुण आपलें कूळ लपवून आर्थरच्या मुदपाकखान्यांत वर्षभर राहतो. पुढें एका तरुणीच्या साहाय्यार्थ तो निघतो, तेव्हां ती त्याला ‘स्वयंपाकघरांतला पोऱ्या’ म्हणून हिणवते. वाटेंत काळ्या वीरास मारून तो त्याचेंच चिलखत अंगावर चढवितो. पुढें भेटणारा हिरवा वीर त्यास पाहून ‘हा माझा भाऊ काळा वीरच काय?’ असें विचारतो. सख्ख्या भावासहि आंतला माणूस दिसत नाहीं. दिसतें तें केवळ लोखंड!

इतिहासांतील प्रसिद्ध ‘ब्लॅक प्रिन्स’ म्हणजे इंग्लंडचा राजपुत्र एडवर्ड (१३३०–१३७६). क्रेसी (१३४६) व प्वात्ये (१३५६) येथील लढायांत त्यानें नांव मिळविलें. पण त्याच्या हयातींत त्यास ‘काळा’ म्हटल्याचा पुरावा नाहीं. हें बिरुद लेखांत आढळतें तें सोळाव्या शतकांत. त्याची काळी ढाल त्यास कारण झाली, कीं फ्रान्समधील त्याचें क्रौर्य, याविषयीं तर्कच आहेत. वॉल्टर स्कॉटच्या ‘आयव्हॅन्हो’ (१८१९) कादंबरींतला काळा वीर शेवटीं सिंहहृदयी रिचर्ड राजा ठरतो. तोहि वेष कादंबरीकाराचा आहे.

नदीचें मूळ आणि ऋषीचें कूळ विचारूं नये, असें आपण म्हणतों. वीराचेंहि कूळ न विचारतां त्याची पारख करावी, असें या कथा सांगूं पाहतात. पण शेवटपर्यंत त्यांना तें धैर्य होत नाहीं. क्लिजे राजपुत्र निघतो, गॅरेथ हाहि राजाचाच मुलगा निघतो आणि रिचर्ड तर प्रत्यक्ष राजाच! मुदपाकखान्यांतला पोऱ्या खरोखरच पोऱ्या असता, तर त्याची कथा कोणीं सांगितली असती काय?

भट्टींतून निघालेलें लोखंड मुळांत काळेंच असतें. त्यास घांसून लखलखीत करण्यास पुष्कळ श्रम व पैसा लागे; म्हणून उत्तरकाळीं सामान्य शिपायांच्या वांट्यास स्वस्त, बिनघांसलेलें काळें चिलखत पुष्कळदां येई. खरे अनामिक काळे वीर तेच होते. त्यांचें नांव मात्र कोणीं विचारलें नाहीं.