गोतसभा (पुणे-चाकण परिसर)

गावच्या वतनदारांनी आणि बलुतेदारांनी एकत्र बसून वतन, शीव, वाटणी व जातीचे तंटे निकालात काढण्याची सभा. सोळाव्या ते अठराव्या शतकात ती मराठी मुलखात सर्वत्र भरत असे. चाकण-पुण्याचा मुलूख त्या काळात निजामशाही, आदिलशाही, मोगल आणि मराठे यांच्यात फिरता राहिला. १६६० मध्ये मोगल सरदार शायिस्ताखानाने चाकणचा किल्ला घेतला. वर सत्ता कोणाचीही असो, पाटलाची पाटीलकी आणि सुताराचे बलुते गोतानेच, म्हणजे या जमलेल्या मंडळींनीच, ठरवायचे.

सभेत पाटील, कुलकर्णी, चौगुला, मिरासदार आणि बलुतेदार बसत. परगण्याचा वाद असला तर देशमुख, देशपांडे आणि पेठेचे शेटे-महाजनही येत. निवाड्याचा कागद म्हणजे महजर. त्यात आधी ‘हाजिर मजालसी’ची नावे, मग दोन्ही पक्षांच्या तकरिरी (म्हणणी), शेवटी निर्णय. लिहिता न येणारा आपल्या धंद्याची निशाणी काढी: पाटलाचा नांगर, सुताराचे किंकरे, न्हाव्याचा आरसा. शिवेच्या वादात महाराच्या साक्षीला मोठे वजन होते. पुरावा तुटपुंजा पडला तर दिव्य होई. रवादिव्यात उकळत्या तेला-तुपातून धातूचा तुकडा काढावा लागे. मग हात पिशवीत बांधून मोहोर करत आणि तिसऱ्या दिवशी सर्वांसमक्ष पाहत.

याला लोकशाही म्हणणे चूक ठरेल. सभेतला अधिकार वतनातून आणि जातीतून येई. उपरी (बाहेरून आलेल्या) कुळाला फारसा आवाज नव्हता. तरीही निर्णय उघड्यावर, नावानिशी आणि लेखी होई, हे तिचे मोठेपण मान्य करावेच लागते. स्वित्झर्लंडच्या डोंगराळ भागात त्याच काळी पुरुष मैदानात जमून हात वर करून कायदे ठरवत. तिथे बहुमत पाहिले जाई, इथे गोताची एकवाक्यता पाहिली जाई. सरकारशी झगडताना मात्र, सारा असह्य झाला की आपल्याकडचे गावकरी गाव सोडून जात आणि कौल (सरकारी अभयपत्र) मिळाल्यावरच परतत. हे त्यांचे सर्वांत धारदार हत्यार होते.

पेशवाईत सरकारने नेमलेल्या पंचायती वाढल्या आणि गोतसभा मागे पडली. १८१९ च्या अहवालात इंग्रज अधिकारी एल्फिन्स्टनने पंचायतीची दखल घेतली. पुढे इंग्रजी न्यायालयांनी तीही निष्प्रभ केली. आजची ग्रामसभा ही कायद्याने घडवलेली वेगळी संस्था आहे, तिचा गोतसभेशी थेट वारसा नाही. याच परिसरात १९७० मध्ये पिंपरी, चिंचवड, आकुर्डी आणि भोसरी या गावांची मिळून नगरपालिका झाली, १९८२ मध्ये महानगरपालिका. ग्रामपंचायतींबरोबर या गावांच्या ग्रामसभाही संपल्या.